भिंतीमागचा तिवर

नवी मुंबईला जाऊन आलो म्हटलं की आमच्या देवरीत पहिला प्रश्न येतो, उंच इमारती पाहिल्या का. मी सांगतो, जंगल पाहिलं. मग लोक एकमेकांकडे बघतात. पस्तीस वर्षं जंगलखात्यात काढलेल्या माणसाला निवृत्तीनंतर भिंतीवरही झाडंच दिसणार, असं त्यांना वाटत असावं. पण खरं तेच आहे. ऐरोलीला मुलीकडे दहा दिवसांसाठी गेलो आणि महिना काढला, तो त्या जंगलापायी. जाताना घरचा तांदूळ, लाखोळीची डाळ आणि बायकोने बांधून दिलेल्या सूचना एवढं सामान होतं. परत येताना एका पायातला बूट आणि खिशातला चाकू तिकडेच राहिला.

अकराव्या मजल्यावरून

वर्षा, म्हणजे माझी मुलगी, अकराव्या मजल्यावर राहते. जावई निखिल कंपनीत आहे, सकाळी आठला डबा घेऊन निघतो. घर घेतलं तेव्हा वर्षाने फोनवर सांगितलं होतं, "बाबा, तुमच्यासाठी खास जंगलाची खिडकी घेतलीय." फोटोही पाठवला होता. सोसायटीच्या भिंतीपासून थेट खाडीच्या पाण्यापर्यंत हिरवी गोधडी अंथरलेली. खाऱ्या चिखलात उगवणारी ती झाडं, तिवराची. आमच्याकडे ती नाहीत, त्यामुळे बघायची फार ओढ होती.

पहिल्याच सकाळी चहा घेऊन खिडकीशी गेलो आणि कप हातातच राहिला. पाऊस नुकता ओसरलेला, रस्त्याच्या कडेचं गवतसुद्धा माजलेलं, आणि खाली नजर जाईल तिथपर्यंत सगळं जंगल तपकिरी. गाळून टाकलेल्या चहाच्या चोथ्यासारखं.

"वर्षे, हे कधीपासून?"

"झाला असेल आठवडा. अळी पडलीय. खालच्या मजल्यांवर तर बाल्कनीत लोंबतात. सोसायटी औषध मारणार आहे रविवारी."

रविवारपर्यंत थांबणंही मला उशिराचं वाटलं, आणि त्याला कारण होतं. माझ्या मामाचं गाव बालाघाटच्या पलीकडे, सरईच्या म्हणजे सालवृक्षाच्या जंगलात. मी नोकरीला नवा असताना तिथे भुंगेरा आला. खोड पोखरणारा, बोटाएवढा. झाड वरून हिरवंगार दिसायचं आणि बुंध्याशी भुशाचा ढीग साचलेला असायचा. गावचे लोक भुंगेरे वेचून त्यांची मुंडकी पोत्यात भरून खात्याकडे आणत. तेवढ्याने भागलं नाही. मग कुऱ्हाडी आल्या. लागण झालेलं झाड पाडायचं, नाहीतर शेजारचं जातं. मामाच्या अंगणातून दिसणारी टेकडी एका हिवाळ्यात उघडी पडली. मामा त्यानंतर अंगणात पाठ फिरवून बसायचा. ती टेकडी मला त्या खिडकीतून पुन्हा दिसली.

त्याच संध्याकाळी सोसायटीची मीटिंग होती. सेक्रेटरी गावडे म्हणून आहेत, पन्नाशीचे, सदा घाईत. निखिलने माझी ओळख करून दिली तसा त्यांचा चेहरा उजळला.

"काका, फॉरेस्टचे तुम्ही? मग टेन्शनच संपलं. कोळीवाडावाले बोंबलतायत, औषध मारू नका म्हणून. माहितगार माणसाची एक सही पायजे आपल्याला लेटरवर."

मी उभा राहिलो आणि सरईच्या जंगलाचं सांगत सुटलो. भुंगेरा, भुसा, मामाची टेकडी, सगळं. लोकांनी मोबाइल खाली ठेवले. निवृत्तीच्या निरोपसमारंभातही कोणी माझं इतकं मन लावून ऐकलं नव्हतं. शेवटी म्हणालो, "उशीर करू नका. उशीर केला की फक्त कुऱ्हाड उरते." टाळ्या पडल्या. मी पत्रावर सही केली आणि खाली ठसक्यात लिहिलं, वनपाल, निवृत्त.

आमच्या खात्यात शिपायालासुद्धा ठाऊक असतं की झाडाला हात लावल्याशिवाय झाडाबद्दल बोलू नये. मी अकराव्या मजल्यावरून बोललो होतो. चार कौतुकाच्या शब्दांपुढे पस्तीस वर्षांची शिस्त गेली, याची आज लाज वाटते.

होडीतून

शुक्रवारी सकाळी वर्षा मला गेटवर घेऊन गेली, मासळीवाल्या हिराबाईंकडे. साठीच्या, काटक, बोलता बोलता हात चालवणाऱ्या. पाटीत चिंबोऱ्या होत्या, नांग्या बांधलेल्या. आमच्याकडे बोडीतले, म्हणजे गावतळ्यातले खेकडे मनगटाएवढे झाले तरी गावभर चर्चा होते. या तर पंजाएवढ्या. वर्षाने कौतुकाने सांगितलं, "मावशी, हे माझे बाबा, फॉरेस्टमधले. फवारणीच्या पत्रावर यांचीच सही आहे."

हिराबाईंचे हात थांबले.

"तुमी सही केली? तिवर बगला?"

"वरून पाहिला."

"वरून तं इमान बी बगतंय," त्या म्हणाल्या आणि चिंबोरी परत पाटीत ठेवली. "तिवरावर मारलेला औशीद तिवरावर ऱ्हात नाय, दादा. ओहोटीला चिखलान उतरतंय, भरतीला बिलान जातंय. दिवालीपावत आमचा घर चिंबोरीवर चालतंय. ती मेली तं आमी काय खावाचा?"

वर्षाने पुढे केलेली पिशवी घडी करून काखेत धरली.

"उद्या सकाली या," हिराबाई म्हणाल्या. "आमचा म्हातारा होरीन घेऊन जाईल. बगा, मंग सही करा."

शनिवारी सात वाजता कोळीवाड्याच्या धक्क्यावर गेलो. हिराबाईंचे यजमान धर्माभाऊ होडीत बसले होते. त्यांनी माझ्या पायातले जाडजूड बूट पाहिले आणि बसायला जागा करून दिली. हिराबाई पुढे बसल्या. आमच्या तळ्यांचं पाणी जिथल्या तिथे असतं. इथे पाण्याला घड्याळ आहे, आणि माणसं त्याच घड्याळावर जेवतात, झोपतात. भरती चढत होती. अर्ध्या तासात आम्ही तिवराच्या आत शिरलो.

आतून ते अधिक भयाण होतं. एका फांदीवर पान नाही. पानांच्या शिरा तेवढ्या राहिलेल्या, जाळीसारख्या. प्रत्येक फांदीवरून काळपट अळ्या धाग्याला लोंबत होत्या. माझ्या टोपीवर पडल्या, मानेत गेल्या. कावळे आणि साळुंक्या इतक्या माजलेल्या की होडी जवळ आली तरी उडेनात. एका ठिकाणी धर्माभाऊंनी वल्हं थांबवलं आणि सगळं शांत झालं. तेव्हा मला तो आवाज ऐकू आला. बारीक, सतत, टपटप. आभाळ कोरडं आणि झिमझिम पाऊस पडल्याचा आवाज.

हा आवाज मी उभं आयुष्य ऐकला होता. मृगाच्या सुमाराला आमच्या सागाच्या जंगलात असाच पाऊस पडतो, अळ्यांच्या लेंड्यांचा. मी हात वर करून एक अळी तळहातावर घेतली. काळपट पाठ, अंगावर फिकी रेघ. माझ्या सागावरची अळी. ती सागाची पानं खाते, जंगल आठ दिवसांत उघडंबोडकं होतं, नवा माणूस घाबरतो, आणि महिन्याभरात साग पुन्हा फुटतो. नव्या वनरक्षकांना हे समजावून सांगता सांगता माझे केस पिकले होते. आणि इथे येऊन मीच नवा माणूस झालो होतो.

"दर साली येतो किरा," धर्माभाऊ म्हणाले. "आला का बोयटा मासली जमतान खाली. वरशी अली परते, खाली बोयटा तोंड उघरून बसलेली. तवाच आमी जालं टाकतो."

खात्री करायची म्हणून मी होडीतून उतरलो. धर्माभाऊ "थांबा" म्हणेपर्यंत उजवा पाय मांडीपर्यंत चिखलात होता. दोघांनी काखेत धरून ओढलं तेव्हा पाय आला, बूट आला नाही. धर्माभाऊंनी कोपरापर्यंत हात घालून पाहिलं. "गेला," म्हणाले, "आता चिंबोरी ऱ्हाईल त्यान." मग धर्माभाऊंनी दाखवलेल्या घट्ट जागी पाय ठेवत मी लंगडत एका झाडाशी गेलो आणि सवयीने खिशातला चाकू काढला. साल किंचित खरवडून पाहायची. आत हिरवं असलं की झाड जिवंत. तीस वर्षं मी याच चाकूने झाडांची नाडी बघत आलो.

मागोमाग आलेल्या हिराबाईंनी माझं मनगट धरलं.

"लोखंड नाय लावाचा."

"फक्त बघतो, मावशी."

"उघरा झालेला तिवर म्हंजे बालतीन. पान फुटंपावत आमचे गावान कोनी त्याला कोयता लावत नाय. जलनाला सुकी फांदी बी मोरत नाय. ईस दिस. तिला निजूं द्याचा."

आमच्याकडे बाळंतिणीच्या खोलीत उलट विळा ठेवतात, बाहेरचं काही शिरू नये म्हणून. इथे लोखंड दूर. मी चाकू मिटला आणि नखाने साल ओरबाडली. आत ओलसर हिरवं होतं. दुसऱ्या झाडावर पाहिलं, तिसऱ्यावर पाहिलं. हिरवं. माझे डोळे भरून आले, आणि ते लपवायला मी बुटाबद्दल काहीतरी विनोद केला.

परतताना सोसायटीच्या भिंतीकडे बोट दाखवून मी म्हणालो, "तिकडेही जाऊ."

"तिकरं होरी जात नाय आता," धर्माभाऊ म्हणाले.

का जात नाही, हे मी विचारलं नाही. घाई होती, एक पाय अनवाणी होता, पोटात भूक होती. ही माझी दुसरी चूक.

हिराबाईंच्या घरी निवट्यांचं कालवण आणि तांदळाची भाकरी जेवलो. निवटी म्हणजे चिखलावर उड्या मारणारा मासा. ताटात पाहून जरा बिचकलो होतो. आम्हीही भातखाऊच, पण तांदळाची एवढी पातळ, पांढरीशुभ्र भाकरी आमच्याकडे कुणाला साधत नाही. तीन खाल्ल्या. चौथी वाढताना हिराबाई म्हणाल्या, "उद्या सकाली औशीद मारनार, तुमच्या सहीवर." ती भाकरी ताटात ठेवून मी उठलो.

वीस दिवस

तसाच, एका पायात धर्माभाऊंची रबरी चप्पल घालून, गावड्यांच्या दारात उभा राहिलो.

"सही मागे घेतो," म्हणालो.

"काका, असं नाय होत. टँकर येतोय सकाळी."

"ही अळी झाड मारत नाही. वीस दिवसांत पालवी येईल. औषधाने खाडी मात्र मरेल."

"परवा तुम्हीच म्हणालात, उशीर केला की कुऱ्हाड."

"चुकलो. झाड न बघता बोललो."

गावड्यांनी माझ्या पायांतला एक बूट आणि एक चप्पल पाहिली. मग म्हणाले, "आणि नाय फुटली तर? लोक मला खातील."

"तर मी जबाबदार. लिहून देतो."

त्यांनी खरंच कागद पुढे केला. मी लिहून दिलं की वीस दिवसांत भिंतीमागचं जंगल हिरवं होईल. टँकर आला नाही. रात्री जेवताना निखिल एकच वाक्य बोलला, "बाबा, आम्हाला इथे राहायचंय." त्याचं चुकलं नव्हतं. बायकोला फोन केला, मुक्काम वाढतोय म्हणून. ती म्हणाली, "तुमी तिथं बी ड्युटीच करून राह्यले का? इकडं धान पिवळा पडून राहिला."

पुढचे दिवस कसे गेले ते माझं मला माहीत. पहाट झाली की खिडकी. अळ्यांनी आता खायला काही उरलं नाही म्हणून भिंत ओलांडली. लिफ्टमध्ये, जिन्यात, वाळत घातलेल्या कपड्यांवर. तळमजल्यावरच्या एक बाई केरसुणीने अंगण झाडत होत्या, मला पाहून म्हणाल्या, "काका, तुमच्या अळ्या." मी हसलो, पण कानाच्या पाळ्या तापल्या. दिवसातून चारदा मनात यायचं, साग साग आहे आणि तिवर तिवर. अळी एकच म्हणून झाडाची ताकद एकच कशावरून? खाऱ्या पाण्यातल्या झाडाचं मला काय कळतं? नखाखालचं ते हिरवं तीन झाडांचं होतं, आणि झाडं हजारो. मामाची टेकडीही वरून हिरवीच होती की.

आठव्या दिवशी अळ्या दिसेनाशा झाल्या. बाराव्या दिवशी खाडीच्या कडेला काहीतरी पोपटी वाटलं. वर्षाला हाक मारली. तिला दिसलं नाही. चौदाव्या दिवशी तिला दिसलं. मग रोज तो रंग पाण्याकडून आमच्याकडे सरकत आला. मी लहान मुलासारखा खिडकीशी खुर्ची टाकून बसायचो.

आणि तो रंग थांबला. सोसायटीच्या भिंतीपासून शंभर पावलांवर. सोळा, अठरा, एकोणीस दिवस झाले, मागे सगळं पोपटी आणि भिंतीला लागून तो एक तपकिरी पट्टा, जसाच्या तसा. खालच्या मजल्यांवरून तर तेवढाच दिसतो. त्यांच्या दृष्टीने सगळं जंगल मेलं होतं आणि ते मी मारलं होतं.

विसाव्या सकाळी गावड्यांनी दार वाजवलं. आवाज चढवला नाही, ते जास्त लागलं. "काका, वीस झाले. पेस्ट कंट्रोलवाला नको तर नको. पण ही मेलेली झाडं तोडून तरी घेऊ. लोकांना बघवत नाय."

भिंतीमागे

धर्माभाऊंना बोलावलं. भिंत जिथे संपते तिथून वळसा घालून आम्ही पायी आत शिरलो. पायी, कारण इथे पाय बुडत नव्हता. चिखल कडक, भेगाळलेला, आमच्या उन्हाळ्यातल्या बोडीसारखा. तिवराची मुळं जमिनीतून बोटांसारखी वर येतात, श्वास घ्यायला. इथे ती राडारोड्याखाली गाडलेली होती. फुटक्या फरश्या, विटा, सिमेंटची ढेकळं. चिंबोरीचं एक बीळ नाही. एक साळुंकी नाही. मी नखाने साल ओरबाडली. तपकिरी. पुढचं झाड, तपकिरी. काहींवर मात्र आत सुतासारखी हिरवी रेघ होती, अजून.

"पानी बंद हाय हितं," धर्माभाऊ म्हणाले. पट्ट्याच्या खाडीकडच्या कडेने सोसायटीने फिरायला रस्ता केला होता, भराव घालून. त्याखाली पाणी जायला दोन नळ ठेवलेले. दोन्ही राडारोड्याने आणि प्लॅस्टिकने गच्च. भरती दोन वर्षं इथवर आली नव्हती. "मागच्या साली यो पट्टा उशिरा फुटला. अवंदा मना भेव वाटत व्हता."

"मग होडीत सांगितलं का नाही?"

"तुमी इचारला कवा?" ते म्हणाले. मग त्यांनी त्या झाडावर हात ठेवला. "किरा बापरा पाना खाऊन गेला. पान परत काराला अंगान पानी तं पायजे. पानी किऱ्यानी नाय बंद केला."

संध्याकाळी मी मीटिंगमध्ये पुन्हा उभा राहिलो. या वेळी मोबाइल कोणी खाली ठेवले नाहीत. सांगितलं की वीस दिवसांचा माझा शब्द खोटा ठरला, कागद माझा आहे, दोष माझा. आणि मग नळांचं सांगितलं, राडारोड्याचं सांगितलं, काही झाडांत अजून रेघ आहे हेही सांगितलं. फिरायच्या रस्त्याचं नाव निघताच खुर्च्या वाजू लागल्या. कोणीतरी म्हणालं, "म्हणजे आता आमचीच चूक?" गावडे म्हणाले, "बघू. पुढच्या एजीएमला घेऊ." तोडायचं मात्र तोवर पुढे ढकललं, एवढं माप त्यांच्या पदरात घालायला हवं.

निघायच्या दिवशी हिराबाईंना भेटायला गेलो. त्यांनी सुक्या जवळ्याची पुडी दिली आणि हात पुढे केला.

"चाकू द्या."

"का हो?"

"तुमच्या हाताचा भरवसा नाय, जाता जाता खरवरून बगाल. भिंतीमागचा पान फुटला का पोरीजवल धाडते."

त्या हसत होत्या, डोळे हसत नव्हते. तीस वर्षांचा चाकू त्यांच्या तळहातावर ठेवला.

देवरी

घरी येऊन आता सहा आठवडे झाले. धान घरात आलं. जवळ्याची चटणी बायकोला आवडली, वास आवडला नाही. वर्षा रोज सकाळी खिडकीतून फोटो पाठवते. मी बोटांनी मोठा करून तो तपकिरी पट्टा इंच इंच बघतो. बायको म्हणते, एवढं माझ्या तोंडाकडे कधी पाहिलं नाही.

गेल्या सोमवारी फोटो आला तो वर्षाचा नव्हता, निखिलचा होता. रविवारी तो आणि धर्माभाऊ पहार आणि घमेली घेऊन भिंतीमागे गेले होते. एक नळ मोकळा केला. गावडे गॅलरीतून बघत राहिले, आणि तासाभराने स्वतःच्या घरचं फावडं वॉचमनच्या हाती खाली पाठवलं, असं निखिलने लिहिलं होतं. फोटोत उघडीच झाडं होती, पण खालचा चिखल काळाभोर, ओला. मी मोठा करत गेलो. एका बुंध्याशी, विटेच्या बाजूला, रुपयाएवढं गोल भोक होतं आणि त्याच्या तोंडाशी ताज्या मातीच्या गोळ्या.

मी लगेच हिराबाईंना फोन लावला. मागे बाजाराचा गलका होता.

"मावशी, बीळ पाहिलं. चाकू पाठवता का मग?"

"बील आला," त्या म्हणाल्या. "पान येऊंदे."

चाकू अजून आलेला नाही.